रस्ता नाही, नंबर नाही, तरी पत्ता पक्का!

आयर्लंडमध्ये सुमारे ६१ हजार ‘टाउनलँड’ आहेत. त्यांना ना ऑफिस, ना सरपंच, ना बजेट. तरीही राज्यकर्ते बदलले, लोकांची भाषा बदलली, देशाचे दोन तुकडे झाले आणि या हद्दी मात्र बऱ्याचशा जागच्या जागी राहिल्या. कशा काय?

ऑनलाइन काहीही मागवायचं म्हटलं की ॲप आधी पत्ता विचारतं. फ्लॅट नंबर, बिल्डिंग, रस्ता, लँडमार्क, पिन कोड. यातला एक रकाना रिकामा ठेवला तरी ऑर्डर पुढे सरकत नाही. आता असा देश डोळ्यांसमोर आणा, जिथे खेड्यातल्या बहुतेक घरांना नंबर नाहीत आणि २०१५ पर्यंत देशभरासाठी पिन कोडच नव्हता. हा कुठलातरी जगापासून तुटलेला देश असेल असं वाटतंय ना? तर नाही. गुगल, मेटा आणि ॲपल यांची युरोपातली मुख्य ऑफिसं जिथे आहेत, तो आयर्लंड हाच.

तिथल्या खेड्यातला पत्ता साधारण चार ओळींचा. माणसाचं नाव, टाउनलँडचं नाव, पोस्ट असलेल्या जवळच्या गावाचं नाव आणि काउंटी. संपला पत्ता. एकाच टाउनलँडमध्ये दोन मर्फी कुटुंबं राहत असतील (आणि मर्फी हे तिथलं सगळ्यात कॉमन आडनाव आहे), तर दोघांचा पत्ता अक्षरशः एकच. कुठलं पाकीट कुठल्या मर्फीच्या दारात टाकायचं, हे पोस्टमनच्या डोक्यात. आयरकोड ही नवी पिन कोड पद्धत आली तेव्हा देशातल्या तीनपैकी एकाहून जास्त पत्त्यांना स्वतःची अशी वेगळी ओळखच नव्हती.

इतकी वर्षं हे सगळं ज्याच्या जिवावर चाललं, ते हे टाउनलँड.

टाउन नावापुरतंच

‘टाउन’ दिसलं म्हणून शहर डोळ्यांसमोर आणू नका. टाउनलँड म्हणजे हद्द ठरलेला जमिनीचा एक तुकडा. त्यात चार शेतं असतील, पाच-सहा घरं असतील, एखादी टेकडी असेल, जळणासाठी पीट खणतात ती दलदल असेल. एकही घर नसलेली टाउनलँडसुद्धा आहेत. आयरिश भाषेत त्याला ‘बाल्या फॅरन’च्या जवळ जाणारं नाव आहे. पहिल्या शब्दाचा अर्थ वस्ती किंवा ठिकाण, दुसऱ्याचा जमीन. टाउनलँडचा आकार सरासरी सव्वातीनशे एकर. पण सरासरीवर जाऊ नका, कारण सगळ्यात लहान टाउनलँड एक एकरही भरत नाही आणि मोठ्यातली मोठी ७ हजार एकरांच्या पुढे जातात.

आयर्लंडच्या जमिनीची उतरंड अशी: वर ४ प्रांत, त्यांच्यात ३२ काउंटी, काउंटीच्या पोटात ‘बॅरनी’, बॅरनीच्या पोटात ‘पॅरिश’ आणि तळाशी टाउनलँड. गंमत म्हणजे प्रांतासाठी जो आयरिश शब्द आहे, त्याचा मूळ अर्थ ‘पाचवा हिस्सा’. प्रांत चार आणि नाव पाचव्याचं! मीथ नावाचा पाचवा प्रांत केव्हाच इतरांत मिसळून गेला, शब्द मात्र तसाच राहिला. बॅरनीचंही तेच झालं. एके काळी त्यांच्या हिशेबाने कर बसायचा, आता त्या कागदोपत्रीच उरल्या आहेत. या उतरंडीतलं सगळ्यात खालचं, सगळ्यात लहान आणि अधिकारशून्य एकक लोकांच्या तोंडी सगळ्यात पक्कं राहिलं, हीच या गोष्टीतली खरी मेख आहे.

एकरात नाही, गाईत मोजा

११६९ मध्ये नॉर्मन सैनिक आयर्लंडच्या किनाऱ्यावर उतरले, त्याच्या आधीपासून यातल्या अनेक हद्दी अस्तित्वात होत्या असं मानलं जातं. तेव्हा सगळीकडे एकच नाव नव्हतं. उत्तरेकडच्या अल्स्टर प्रांतातल्या टिरोन भागात ‘बॅलीबो’ म्हणायचे, फरमॅना आणि मोनॅहनमध्ये ‘टेट’, कॅव्हनमध्ये ‘पोल’. पश्चिमेच्या कॉनॉटमध्ये ‘क्वार्टर’ म्हणजे चौथाई, तर दक्षिणेकडे ‘प्लाउलँड’ म्हणजे नांगराची जमीन.

बॅलीबो या नावातला ‘बो’ म्हणजे गाय. जमीन किती मोठी यापेक्षा ती किती गुरं पोसते, किती पिकवते, याला महत्त्व होतं. त्यामुळे सुपीक भागातली टाउनलँड लहान आणि डोंगराळ, दलदलीच्या भागातली ऐसपैस. नकाशावर बघितलं तर ही विभागणी एकदम ओबडधोबड वाटते. पण त्यामागे साधा हिशेब आहे: खडकाळ जमिनीवर जगायचं तर जास्त जमीन लागणार. आणि हद्द कशाने ठरायची? ओढ्याने, झुडपांच्या कुंपणाने, मातीच्या जुन्या बांधाने, कधी नुसत्या एका मोठ्या दगडाने.

पश्चिमेकडे अनेक ठिकाणी एका टाउनलँडची जमीन काही कुटुंबं मिळून खंडाने घ्यायची. घरं एका जागी दाटीवाटीने आणि प्रत्येकाच्या जमिनीच्या पट्ट्या चारी दिशांना विखुरलेल्या. चांगल्यातला थोडा वाटा मला, वाईटातला थोडा वाटाही मलाच. काही काळाने पट्ट्यांची पुन्हा वाटणी व्हायची, म्हणजे कायमचं नशीबवान कोणी नाही आणि कायमचं कमनशिबीही नाही. या पद्धतीला ‘रनडेल’ म्हणतात.

जो आला तो मोजायलाच आला

ही गाईंची भाषा बाहेरून आलेल्यांना कळली नाही. १६०९ पासून इंग्लंडच्या राजाने अल्स्टरमधल्या जप्त केलेल्या जमिनी इंग्लिश आणि स्कॉटिश लोकांना वाटायला घेतल्या. तेव्हा लंडनच्या कागदांवर एक बॅलीबो म्हणजे सरसकट ६० एकर असं धरलं गेलं. प्रत्यक्षात तो कितीतरी मोठा असायचा. म्हणजे कागदावर हजार एकर मिळालेल्या माणसाच्या पदरात त्याहून खूप जास्त जमीन पडली. चूक कारकुनांची, फायदा नव्या मालकांचा आणि भुर्दंड मूळ कुळांना.

पुढची मोजणी याहून मोठी होती. ऑलिव्हर क्रॉमवेलच्या सैन्याने आयर्लंड जिंकल्यावर सैनिकांचा पगार आणि युद्धाला पैसे पुरवणाऱ्यांची देणी जमिनीच्या रूपात भागवायचं ठरलं. पण द्यायची जमीन नेमकी आहे किती? हे काम सैन्यातला डॉक्टर विल्यम पेटी याने अंगावर घेतलं. १६५५ आणि १६५६ मध्ये त्याच्या माणसांनी साखळ्या टाकून जप्त जमिनी मोजल्या आणि नकाशावर उतरवल्या. हीच ती ‘डाउन सर्व्हे’. मोजणारे बरेचसे शिपाईच होते. नकाशाचं एकक कुठलं? टाउनलँड! इथल्या लोकांना हुसकावायचं तर त्यांच्याच हद्दी आधी समजून घ्याव्या लागल्या. पेटीने स्वतःही केरी काउंटीत भरपूर जमीन कमावली. इतिहासकारांच्या अंदाजाप्रमाणे १६४१ मध्ये आयर्लंडच्या सुमारे ५९ टक्के जमिनीचे मालक कॅथलिक होते, १७०३ मध्ये हे प्रमाण सुमारे १४ टक्क्यांवर आलं. साठ-बासष्ट वर्षांत मालक बदलले, हद्दी तशाच राहिल्या.

एका हाताचा अधिकारी आणि नावांचा शोध

तिसरी मोजणी सगळ्यात जबरदस्त. १८२४ मध्ये ब्रिटिश पार्लमेंटच्या समितीने ठरवलं की आयर्लंडचा सविस्तर नकाशा करायचा. कारण टॅक्सचं. तिथे ‘काउंटी सेस’ नावाचा स्थानिक कर होता (हो, आपल्याकडे टॅक्सच्या बातम्यांत भेटतो तोच ‘सेस’ हा शब्द) आणि कुठल्या टाउनलँडवर किती बोजा, याचा काही ताळमेळ नव्हता. काम दिलं ऑर्डनन्स सर्व्हे या लष्करी नकाशा खात्याकडे. प्रमुख होता थॉमस कोल्बी. तरुणपणी पिस्तुलाच्या अपघातात त्याने डावा हात गमावला होता, पण डोंगरदऱ्या तुडवण्यात तो भल्याभल्यांना मागे टाकायचा.

नकाशाचं प्रमाण ठरलं एका मैलाला सहा इंच. १८३३ मध्ये डेरी काउंटीचा नकाशा आधी छापून आला आणि १८४६ मध्ये केरीचा येऊन काम पुरं झालं. पूर्ण देशाचा इतक्या मोठ्या प्रमाणावरचा नकाशा ही त्या काळी फार मोठी गोष्ट होती.

या मोजणीचा पाया म्हणून उत्तरेत लॉख फॉइल या खाडीकाठी सुमारे ८ मैलांची एक सरळ रेषा मोजली गेली. धातूची पट्टी उन्हाने वाढते, थंडीने आकसते. त्यावर कोल्बीने उपाय काढला: पितळ आणि लोखंडाच्या पट्ट्या अशा जोडायच्या की तापमान बदललं तरी दोन खुणांमधलं अंतर तेवढंच राहील. १९६० मध्ये इलेक्ट्रॉनिक यंत्रांनी ती रेषा पुन्हा मोजली, तर फरक निघाला जेमतेम एका इंचाचा!

इथे आपलाही एक धागा जुळतो. भारताची महामोजणी करणारा विल्यम लॅम्बटन १८२३ मध्ये आपल्या विदर्भातल्या हिंगणघाटला वारला. त्याच्यानंतर काम हाती घेणारा जॉर्ज एव्हरेस्ट, म्हणजे ज्याचं नाव पुढे शिखराला दिलं गेलं तोच, आजारी पडून रजेवर इंग्लंडला गेला होता. तिथून तो १८२९ मध्ये आयर्लंडची मोजणी बघायला गेला आणि कोल्बीच्या पद्धतीच्या पट्ट्या घेऊन भारतात परतला. १८३१-३२ मध्ये कलकत्त्याजवळची पायारेषा त्याच पट्ट्यांनी मोजली गेली. आयरिश शेतांसाठी शोधलेलं तंत्र असं थेट आपल्याकडे आलं.

पण मोजणी करणाऱ्यांना दोन प्रश्न यंत्राने सुटणार नव्हते. हद्द नेमकी कुठून जाते? आणि या जागेला म्हणतात काय?

पहिल्या प्रश्नासाठी रिचर्ड ग्रिफिथ याचं पथक आधी गावागावांत जायचं. तिथला हद्दीचा जाणकार माणूस पुढे आणि सरकारी माणसं मागे, अशी वरात निघायची. तो म्हणेल तो ओढा, तो दाखवेल तो बांध. दुसऱ्या प्रश्नासाठी थॉमस लार्कम या अधिकाऱ्याने स्वतः आयरिश शिकायला घेतली आणि १८३० मध्ये जॉन ओ’डोनोव्हन या तरुणाला कामावर घेतलं. किलकेनी काउंटीतल्या शेतकरी घरातला, वय चोविसाच्या आसपास. म्हणजे तुमच्या-आमच्यापेक्षा थोडाच मोठा. पुढची काही वर्षं हा मुलगा पावसापाण्यात पॅरिशमागून पॅरिश फिरला. तिथल्या म्हाताऱ्या माणसांना गाठायचं, त्यांच्या तोंडून नावाचा उच्चार ऐकायचा, जुन्या कागदांतली स्पेलिंग शेजारी मांडायची आणि ‘नेम बुक’ नावाच्या वहीत लिहायचं: मूळ आयरिश रूप कुठलं, अर्थ काय आणि नकाशावर काय छापायचं. त्याच्या नजरेखालून ६० हजारांहून जास्त नावं गेली.

नाव वाचलं की बदललं?

इथेच खरा वाद आहे. नकाशावर छापलं गेलेलं रूप आयरिश नव्हतं, इंग्रजी कानाला आणि लेखणीला जमेल असं होतं. डोंगर किंवा टेकडी म्हणजे ‘क्नोक’, त्याचं झालं ‘नॉक’. ओकच्या राईचा ‘दिरा’सारखा ऐकू येणारा शब्द झाला ‘डेरी’. सगळ्यात घोळ ‘किल’चा. नावातलं हे ‘किल’ चर्चसाठीच्या आयरिश शब्दातून आलं असेल किंवा रानासाठीच्या शब्दातून. आयरिशमध्ये दोन्ही वेगळे, इंग्रजीत दोन्ही ‘किल’. म्हणजे ‘किलमोर’ दिसलं तर ते मोठं चर्च की मोठं रान? नकाशा सांगत नाही, ओ’डोनोव्हनची वही सांगते.

या विषयावर ब्रायन फ्रील यांचं ‘ट्रान्सलेशन्स’ हे नाटक फार गाजलं. ते १९८० मध्ये डेरी शहरात पहिल्यांदा रंगमंचावर आलं आणि पहिल्या संचात ‘टेकन’वाला लिअम नीसन होता. नाटक घडतं १८३३ मध्ये डोनेगॉलमधल्या एका खेड्यात. इंग्रज सैनिक गावात येतात, नावं बदलत सुटतात आणि गाव हळूहळू स्वतःलाच परकं होतं. बघणाऱ्याच्या अंगावर काटा येतो. पण अभ्यासकांनी तेव्हाच लक्षात आणून दिलं की प्रत्यक्षात गोष्ट इतकी काळी-पांढरी नव्हती. मोजणी करणारे संगिनी रोखून फिरत नव्हते. बहुतेक इंग्रजी रूपं त्याआधी दोन-तीनशे वर्षांत रुळली होती आणि ओ’डोनोव्हन त्यातलं मूळ उच्चाराला जवळचं रूप निवडायचा प्रयत्न करत होता.

मग दोषी कोण? भाषाच मागे हटत होती, हे खरं उत्तर. १८५१ च्या जनगणनेत आयरिश बोलणारे सुमारे १५ लाख निघाले, म्हणजे लोकसंख्येच्या चौथ्या हिश्श्याहून कमी. २०२२ च्या जनगणनेत शाळा-कॉलेजबाहेर रोज आयरिश बोलणारे सुमारे ७२ हजार. म्हणजे आज लाखो आयरिश माणसं अशा नावांच्या जागी राहतात, ज्यांचा अर्थ त्यांना स्वतःला डिक्शनरीत शोधावा लागतो. नकाशाने नावं बिघडवली हे खरं. त्याच नकाशाच्या वह्यांनी ती वाचवली, हेही तितकंच खरं.

चौकट: नाव असं डिकोड करा

बॅली: वस्ती, ठिकाण
नॉक: टेकडी
डेरी: ओकची राई
ड्रम: लांबट उंचवटा, डोंगराचा कणा
क्लून किंवा क्लॉन: कुरण
लॉख: सरोवर किंवा खाडी
कॅरिक: खडक
कॅरो: चौथाई (जुन्या ‘क्वार्टर’ची आठवण)

आणि एक बोनस: गॉलवे काउंटीत एका टाउनलँडच्या इंग्रजी नावात तब्बल २२ अक्षरं आहेत. अर्थ साधारण असा: दोन खाऱ्या पाण्यांच्या मधली डुकरांची जागा. सांगा, गुगल मॅपवर टाइप कराल?

दुष्काळ, आग आणि परत येणारी माणसं

नकाशाचं काम जेमतेम संपत होतं आणि आयर्लंडवर महादुष्काळ कोसळला. १८४५ पासून बटाट्याच्या पिकावर रोग पडला. गरिबांचं पोट त्या एकाच पिकावर होतं. सुमारे १० लाख माणसं भुकेने आणि साथीच्या रोगांनी मेली, आणखी १० लाखांहून जास्त जहाजांत बसून निघून गेली. १८४१ मध्ये सुमारे ८२ लाख असलेली लोकसंख्या १८५१ मध्ये सुमारे ६५ लाखांवर आली. भाडं थकलेल्या कुळांना जमीनदारांनी घराबाहेर काढलं. दुष्काळाआधीच्या नकाशावर घरांचे काळे ठिपके दाट दिसतात, नंतरच्या नकाशावर अनेक टाउनलँडमध्ये ते पुसले गेलेत. नाव आणि हद्द आहे, माणसं नाहीत. मेयो काउंटीतल्या अकिल बेटावर, स्लीव्हमोर डोंगराच्या पायथ्याशी, टप्प्याटप्प्याने ओस पडलेल्या दगडी घरांची रांग आजही उभी आहे.

गेलेल्यांची पतवंडं आता परत येतात. आपली मुळं आयरिश आहेत असं सांगणारे ३ कोटींहून जास्त लोक अमेरिकेत आहेत. त्यांना हवं असतं पणजोबांचं घर. आणि इथे अडचण येते. १९२२ मध्ये यादवी युद्धात डब्लिनच्या फोर कोर्ट्स इमारतीतल्या दस्तऐवज कचेरीला आग लागली आणि एकोणिसाव्या शतकातल्या जनगणनेचे कागद जळाले. १८२१ ते १८५१ च्या नोंदींतले अगदी थोडे वाचले. त्यानंतरच्या काही जनगणनांचे कागद तर सरकारनेच आधी नष्ट केले होते.

मग उरलं काय? रिचर्ड ग्रिफिथ, तोच हद्दीवाला, याने १८४७ ते १८६४ या काळात छापलेली करआकारणीची यादी. कुठल्या टाउनलँडमध्ये जमीन कोण कसतं, मालक कोण, क्षेत्र किती, कर किती, हे सगळं त्यात ओळीने आहे. पण ती शोधायची कशी? टाउनलँडच्या नावाने. पणजोबांचं नाव पॅट्रिक मर्फी एवढंच माहीत असेल तर गवताच्या गंजीत सुई शोधण्यासारखं आहे, कारण असे पॅट्रिक मर्फी ढिगाने सापडतात. पण बोस्टनमधल्या कुठल्यातरी आजीने टाउनलँडचं नाव लक्षात ठेवलं असेल, तर त्या एका शब्दाने अख्खं कुटुंब सापडू शकतं. कर गोळा करायला केलेली यादी अशी नातवंडांच्या कामी येते.

फरमॅना अडून बसलं

१९२१ मध्ये आयर्लंडची फाळणी झाली. सहा काउंटी ब्रिटनकडे राहिल्या आणि त्यांच्या जुन्या कडा हीच सीमा ठरली. काउंटी बनते टाउनलँड जोडून. म्हणजे ब्रेक्झिटच्या काळात जिच्यावरून एवढं रण माजलं, ती सुमारे ५०० किलोमीटरची सीमा ओढ्यांच्या आणि बांधांच्या त्याच जुन्या रेषांवरून धावते.

उत्तर आयर्लंडमध्ये १९७० च्या दशकाच्या सुरुवातीला पोस्टाने नवं धोरण आणलं: खेड्यातल्या रस्त्यांना नावं द्या, घरांना नंबर द्या आणि पत्त्यातून टाउनलँड काढा. पोस्टाच्या बाजूने बघितलं तर मागणी चुकीची नव्हती. ॲम्ब्युलन्सलाही नंबर सोपा पडतो. पण लोकांना ते झोंबलं. एका लांबलचक रस्त्यावर दहा टाउनलँड येत असतील, तर नव्या पत्त्यात ती दहाही नावं गायब!

विरोध झाला आणि तो कोणी केला हे महत्त्वाचं. ते हिंसाचाराचे दिवस होते. कॅथलिक आणि प्रोटेस्टंट एकमेकांच्या मोहल्ल्यात जायला घाबरायचे. रस्त्याला नाव कुणाचं द्यायचं यावरूनही डोकी फुटावीत अशी परिस्थिती. पण टाउनलँडचं नाव दोघांचंही होतं. दोन्ही बाजूंची माणसं या चळवळीत एकत्र आली, हे त्या काळात दुर्मीळच. फरमॅना काउंटी तर हटलीच नाही. तिथे पत्त्यात टाउनलँडची नावं टिकली. बाकी ठिकाणी रस्ते जिंकले. पुढे २००१ मध्ये उत्तर आयर्लंडच्या विधानसभेने ठराव करून सरकारी खात्यांना पत्रव्यवहारात टाउनलँडची नावं वापरायला सांगितलं.

नोबेल मिळालेले कवी शेमस हीनी याच उत्तरेतले. १९७२ च्या त्यांच्या संग्रहात अनाहॉरिश आणि ब्रॉख या आपल्या परिसरातल्या टाउनलँडवर कविता आहेत. ब्रॉखचा शेवटचा घशातला आवाज बाहेरच्यांना नीट काढता येत नाही. इथल्यांना येतो, मग ते कुठल्याही धर्माचे असोत. आपण एका जागचे आहोत हे कळायला कधी कधी एक उच्चार पुरतो.

कोड आला, मग नाव कशाला?

२०१५ मध्ये आयर्लंडने आयरकोड आणला. सात अक्षर-अंकांचा, प्रत्येक घराला स्वतंत्र. आता दोन मर्फींची पार्सलं अदलाबदल होत नाहीत. मग टाउनलँडची गरज संपली का?

कामापुरती बघाल तर बरीचशी संपली. आणि धोका नेमका तिथेच आहे. आजवर जो कोणी आला, त्याला काही ना काही कारणाने ही नावं लागत होती. राजाला जमीन वाटायला, पेटीला जप्ती मोजायला, कोल्बीला करासाठी, पोस्टमनला पत्रासाठी. पहिल्यांदाच असं झालंय की ती कुणालाच ‘लागत’ नाहीत. आता ती टिकली तर फक्त कुणाला तरी हवी आहेत म्हणून.

आणि हवी असणारे आहेत. नकाशे बनवणाऱ्या ओपनस्ट्रीटमॅपच्या आयरिश स्वयंसेवकांनी कॉपीराइट संपलेले जुने नकाशे स्क्रीनवर ठेवून टाउनलँडच्या हद्दी एकेक करून रेखल्या. पगार शून्य, काम संध्याकाळच्या फावल्या वेळात. मूळ आयरिश नावांचा सरकारी डेटाबेस आज कुणालाही फुकट बघता येतो.

याआधी एक काम तर शाळकरी मुलांनी करून ठेवलंय. १९३७ ते १९३९ या काळात आयरिश लोककथा आयोगाने सुमारे ५ हजार शाळांना सांगितलं की मुलांनी घरी जाऊन आजी-आजोबांना विचारावं: इथल्या गोष्टी काय, विहिरींची नावं काय, या शेताला असं का म्हणतात? ५० हजारांहून जास्त मुलांनी वह्या भरल्या. आज स्कॅन केलेल्या त्या वह्यांत अकरा-बारा वर्षांच्या मुलांचं वळणदार अक्षर दिसतं. सगळ्या मिळून सुमारे ७ लाख ४० हजार पानं. विचारायला गेलेली ती मुलं आता नव्वदीच्या पुढची असतील, सांगणारे तर केव्हाच गेले. तो गृहपाठ वेळेवर दिला गेला म्हणून नावं राहिली.

टाउनलँडला पुढेही ऑफिस मिळणार नाही, बजेट तर नाहीच. पार्सलसाठी कोड पुरेल. पण आयर्लंडच्या खेड्यात कुणी नवखा भेटला की आजही ‘कुठला तू?’ असं विचारतात, आणि त्या प्रश्नाचं उत्तर कोडमध्ये देता येत नाही.